पायाच्या सांध्यात पू: आधी जंतू, मग जागा

प्रश्न थोडक्यात असा. अमेरिकेतल्या एका हॉस्पिटलचा इनपेशंट चार्ट. ५८ वर्षांचा रुग्ण, टाइप २ मधुमेह, इन्सुलिन आणि मेटफॉर्मिन दोन्ही चालू. उजव्या अंगठ्याखाली तळव्याला जखम, अंगठ्याच्या मुळाच्या सांध्यात पू, एमआरआयमध्ये पहिल्या मेटाटार्सलच्या (पावलातल्या लांब हाडाच्या) टोकाला ऑस्टिओमायलायटिस, म्हणजे हाडाचा संसर्ग. सांधा उघडून धुतला, कल्चरमध्ये एमआरएसए (मेथिसिलिनला दाद न देणारा स्टॅफिलोकॉकस जंतू) निघाला. कोडरने, म्हणजे चार्ट वाचून बिलासाठी अमेरिकन आयसीडी-१० यादीतले कोड लावणाऱ्याने, एम००.९ (पू झालेला सांधा, जंतू नोंदलेला नाही), ई११.९ (मधुमेह) आणि एल९७.५१९ (पावलाची जखम) लावले. ऑडिटरने तिन्हींवर चूक काढली. कोडरचं म्हणणं असं की डिस्चार्ज समरीत फक्त ‘सेप्टिक आर्थरायटिस, राइट फूट’ (उजव्या पावलातला जंतुसंसर्गाचा सांधादाह) एवढंच लिहिलंय, मग एम००.९ चुकला कुठे?

एम००.९ सरसकट चूक नाही, हे आधी सांगतो, कारण ऑडिटच्या धाकाने पुष्कळ कोडर तो कोड लावायलाच घाबरतात आणि मग त्याहून मोठी चूक करतात. तो कधी बरोबर आणि कधी चूक, हे कळायला एम०० ची रचना बघावी लागते.

सांध्यांचे बहुतेक कोड आपण जागेवरून शोधतो: गुडघा, घोटा, खांदा. एम०० मध्ये चौथा अंक जंतूचा आहे आणि पाचवा जागेचा. म्हणजे ० आला तर स्टॅफिलोकॉकस, १ आला तर न्यूमोकॉकस, २ म्हणजे बाकीचे स्ट्रेप्टोकॉकस, ८ म्हणजे इतर जिवाणू. ३ ते ७ रिकामे आहेत. त्यानंतर पाचव्या जागी ७ आला की घोटा आणि पाऊल, आणि सहाव्या जागी बाजू: १ उजवी, २ डावी, ९ म्हणजे बाजू नोंदलेली नाही. उजव्या पावलातला स्टॅफचा सांधादाह म्हणून एम००.०७१, डाव्यातला एम००.०७२. स्ट्रेपचा उजवा एम००.२७१, इतर जिवाणूंचा उजवा एम००.८७१.

मात्र एम००.९ ला पुढे काहीच नाही. जागा नाही, बाजू नाही. जंतू माहीत नसेल तर वर्गीकरण तुम्हाला सांध्यापर्यंत पोचूच देत नाही. यादीच्या अकारविल्हे इंडेक्समध्ये ‘आर्थरायटिस, सेप्टिक’ बघितलंत तर तो तुम्हाला ‘पायोजेनिक’कडे पाठवतो आणि तिथे मूळ कोड एम००.९ च आहे. ‘इन्फेक्टिव्ह आर्थरायटिस’ एवढंच लिहिलेलं असेल तरी तोच.

इथेच ती मोठी चूक होते. चार्टमध्ये उजवा पाय स्पष्ट लिहिलाय, मग बाजू वाया कशी घालवायची, म्हणून कोडर एम००.८७१ लावतो. एम००.८ चा अर्थ ‘जिवाणू माहीत आहे, पण त्याचं नाव वरच्या गटांत नाही’ असा आहे. ‘जिवाणू माहीत नाही’ असा नाही. इंग्रजी कोडिंगमधल्या ‘अदर’ आणि ‘अनस्पेसिफाइड’ यांतला हा जुनाच घोळ, फक्त इथे तो बाजूच्या मोहाने होतो. कल्चर निगेटिव्ह आलंय, रुग्णाला आधीच अँटिबायोटिक सुरू होतं, डॉक्टरने सेप्टिक आर्थरायटिस हेच निदान कायम ठेवलंय आणि जंतूचं नाव कुठेच नाही, अशा वेळी एम००.९ हाच प्रामाणिक कोड. बाजूची माहिती प्रोसिजरच्या कोडमधून जाईल, ती निदानाच्या कोडमध्ये कोंबायची नाही.

आता प्रश्नातला चार्ट. डिस्चार्ज समरी हा चार्टचा एक भाग, अख्खा चार्ट नव्हे. रुग्णाची काळजी घेणाऱ्या कुठल्याही डॉक्टरची नोंद निदानासाठी चालते, अट एवढीच की ती मुख्य डॉक्टरच्या नोंदीशी विसंगत नसावी. असल्या केसमध्ये संसर्गरोगतज्ज्ञाची कन्सल्ट नोट जवळजवळ नेहमी असते, आणि जंतू व सांधा यांची नावं एकाच वाक्यात लिहिणारा बहुधा तोच असतो. त्याने ‘उजव्या पहिल्या एमटीपी सांध्याचा एमआरएसए सेप्टिक आर्थरायटिस’ (एमटीपी म्हणजे बोटाच्या मुळाचा सांधा) असं लिहिलं असेल, तर समरीतला ‘सेप्टिक आर्थरायटिस’ हा त्याचाच मोघम उल्लेख आहे, विसंगती नाही. कोड एम००.०७१, आणि ऑडिटर बरोबर.

पण एमआरएसए फक्त लॅबच्या रिपोर्टवर असेल आणि एकाही डॉक्टरने त्याला सांध्याशी जोडलं नसेल, तर ऑडिटरही चूक. कल्चर रिपोर्ट वाचून जंतू ठरवणं हे कोडरचं काम नाही. तो त्वचेवरचा जंतू सुईबरोबर आत गेला की खरोखर सांध्यात होता, हे ठरवणारा डॉक्टर. अशा वेळी क्वेरी, म्हणजे डॉक्टरला लेखी प्रश्न, टाकायची. क्वेरीत सांध्यातल्या पाण्याचा पेशींचा आकडा, कल्चरचा निकाल, दिलेली औषधं आणि तारखा मांडायच्या आणि विचारायचं की सेप्टिक आर्थरायटिसला कारण ठरलेला जंतू असल्यास नोंदवावा. पर्याय देताना ‘इतर’ आणि ‘ठरवता येत नाही’ हे दोन्ही ठेवायचे. ‘हा एमआरएसए सेप्टिक आर्थरायटिस आहे ना?’ असं विचारलं की क्वेरी अनुपालनाच्या कसोटीवर नापास होते, उत्तर कितीही बरोबर आलं तरी. आणि या क्वेरीमुळे बिल किती वाढेल याचा उल्लेख तिच्यात चुकूनही नको.

एम००.० खाली ‘अ‍ॅडिशनल कोड वापरा’ अशी सूचना आहे, ती ऐच्छिक समजू नका. स्टॅफ म्हटलं तरी कुठला? मेथिसिलिनला दाद देणारा ऑरियस असेल तर बी९५.६१, न देणारा म्हणजे एमआरएसए असेल तर बी९५.६२, एपिडर्मिडिससारखा दुसरा स्टॅफ बी९५.७, आणि प्रकार नोंदलाच नसेल तर बी९५.८. एमआरएसए म्हटल्यावर झेड१६.११ हा पेनिसिलिन-प्रतिकाराचा कोड जोडायची सवय काहींना असते. तो जोडायचा नाही, प्रतिकार बी९५.६२ मध्येच आहे. नाकाच्या स्वॅबमध्ये एमआरएसए सापडला आणि डॉक्टरने रुग्ण वाहक असल्याचं नोंदवलं, तर झेड२२.३२२ हा वेगळा मुद्दा. तो संसर्गाच्या कोडबरोबर चालतो, पण संसर्गाचा पुरावा होत नाही.

स्ट्रेपमध्ये गट अ साठी बी९५.०, गट ब साठी बी९५.१. मधुमेहींच्या पायात गट ब बऱ्याचदा सापडतो. एन्टेरोकॉकस आला की कोडर अडखळतो, कारण सूक्ष्मजीवशास्त्रात तो आता स्ट्रेपमध्ये मोडत नाही. पण एम००.२ खालची सूचना बी९५.० ते बी९५.२ आणि बी९५.४, बी९५.५ अशी आहे, आणि बी९५.२ म्हणजेच एन्टेरोकॉकस. उलट एम००.८ खालची सूचना बी९६ कडे बोट दाखवते. म्हणून एन्टेरोकॉकसला एम००.२७- (रेघेच्या जागी बाजूचा अंक). वर्गीकरण सूक्ष्मजीवशास्त्राच्या मागे राहिलंय, पण आपण टॅब्युलर लिस्टला (कोडच्या क्रमाने लावलेल्या मूळ यादीला) बांधील आहोत, पाठ्यपुस्तकाला नाही. न्यूमोकॉकसचा एम००.१७- वेगळा आहे आणि तिथे जंतूचं नाव कोडमध्येच आलेलं असल्याने बी९५.३ ची पुनरुक्ती नको.

एम००.८७- मध्ये पायाच्या बाबतीत लक्षात ठेवण्यासारखा जंतू स्यूडोमोनास. स्पोर्ट शूजमधून खिळा आरपार पावलात घुसतो, बुटाच्या फेसाळ तळव्यातला ओलसर थर या जंतूला मानवतो, आणि काही दिवसांनी सांधा किंवा कूर्चा सुजते. मुलांमध्ये हे चित्र ठरलेलं. उजव्या पायाला एम००.८७१ आणि बी९६.५. जखम अजून उपचाराखाली असेल तर पावलाच्या भोसक जखमेचा एस९१.३३१ए, आणि चार्टमध्ये खिळ्याचा उल्लेख असेल तर डब्ल्यू४५.० ला दोन एक्स आणि शेवटी ए. क्लेब्सिएला बी९६.१, प्रोटियस बी९६.४, ई. कोलाय बी९६.२०. दोन गटांतले दोन जंतू एकाच सांध्यात असतील, समजा एमआरएसए आणि स्यूडोमोनास, आणि डॉक्टरने दोन्ही नोंदवले असतील, तर एम००.०७१ बी९५.६२ सह आणि एम००.८७१ बी९६.५ सह असे चारही कोड लागतात. एका सांध्याला दोन कोड दिसले म्हणून घाबरायचं कारण नाही, कारण कोडची विभागणीच जंतूवर आहे.

आता काही जंतू या घरात राहतच नाहीत. गोनोकॉकसचा सांधादाह ए५४.४२, मेनिंगोकॉकसचा ए३९.८३, टायफॉइडचा ए०१.०४, इतर साल्मोनेलाचा ए०२.२३, क्षयाचा ए१८.०२ (मणके सोडून कुठलाही सांधा). हे कोड स्वतःच पूर्ण आहेत. त्यांच्यात ना पाऊल आहे ना बाजू. एम००.८७१ मध्ये बाजू मिळते म्हणून टायफॉइडला तिकडे ढकलू नका.

एम०१ बद्दलही गैरसमज आहे. एम०१.एक्स७१ हा उजव्या घोट्या-पावलाचा कोड, पण तो दुसऱ्या जागी वर्गीकृत आजारात त्या आजाराचाच जंतू सांध्यात शिरला असेल तेव्हाचा, आणि मूळ आजाराचा कोड आधी लागतो. कुष्ठरोगाचं उदाहरण बघा. कुष्ठरोगात संवेदना गेल्यामुळे तळव्याला जखम होते, जखमेतून स्टॅफ सांध्यात जातो. हा एम०१ नव्हे, हा सरळ एम००.०७-, सोबत कुष्ठरोगाचा ए३०. कुष्ठरोगाच्याच जंतूने सांधा धरला असं डॉक्टरने लिहिलं तरच एम०१.एक्स७-. मदुरा फूटचंही एक कोडं आहे. तमिळनाडूतल्या मदुरैवरून ज्याचं नाव पडलं तो हा आजार बुरशीचाही असतो आणि जिवाणूंचाही. जिवाणूंच्या प्रकाराला बी४७.१ आहे, म्हणजे जिवाणू असूनही बसवलाय बुरशीजन्य आजारांच्या गटात. आणि एम०१ खालच्या ‘आधी हे कोड लावा’ यादीत बी३५ ते बी४९ आहेत. म्हणून त्यात सांधा थेट धरला असेल तर बी४७.१ आणि मग एम०१.एक्स७-. एम००.८ नव्हे.

जागेकडे येऊ. घोटा, टार्सल, मेटाटार्सल आणि बोटांचे सांधे हे सगळं एकाच ७ मध्ये आहे. कोडच्या नावातला ‘आणि’ हा ‘किंवा’सुद्धा असतो, त्यामुळे फक्त करंगळीचा सांधा असला तरी ‘घोटा आणि पाऊल’ हाच कोड. एकाच पायात घोटा आणि अंगठा दोन्ही धरलेत, जंतू एक, तर कोड एकदाच. एकच कोड एका क्लेमवर दोनदा येत नाही. दोन्ही पाय असतील तर ०७१ आणि ०७२ दोन्ही, कारण ‘दोन्ही बाजू’ असा अंक इथे नाही. आणि डॉक्टरने स्टॅफ पॉलीआर्थरायटिस म्हटलं असेल तर एम००.०९ आहे.

बाजू नोंदलेली नाही म्हणून ०७९ लावायच्या आधी नर्सिंगच्या नोंदी, एक्स-रेची मागणी, ऑपरेशनचं संमतिपत्र चाळा. बाजूच्या बाबतीत डॉक्टर सोडून रुग्णाची काळजी घेणाऱ्या इतर क्लिनिशियनची नोंदही ग्राह्य धरता येते, हे कोडिंगच्या अधिकृत मार्गदर्शक तत्त्वांत आहे. जंतूच्या बाबतीत ही सवलत नाही. नर्स ‘उजवा’ लिहिते आणि डॉक्टर एके ठिकाणी ‘डावा’, असं झालं तर मात्र डॉक्टरलाच विचारायचं. मेडिकेअरच्या (अमेरिकेतल्या सरकारी आरोग्य विम्याच्या) इनपेशंट क्लेमवर १ एप्रिल २०२२ पासून बाजू न सांगणाऱ्या काही कोडांसाठी स्वतंत्र एडिट (क्लेमची संगणकीय तपासणी) लागते. तेव्हा ‘बाजूचा ९’ हा कोडरचा आळस मानला जातो, आणि ते बऱ्याचदा खरंही असतं.

मधुमेहाचा भाग या चार्टमध्ये सगळ्यात जास्त पैशाचा आणि सगळ्यात जास्त चुकीचा. ई११.९ म्हणजे गुंतागुंत नसलेला मधुमेह. पायाला जखम आणि हाडात संसर्ग असताना तो कोड चार्टलाच खोटं पाडतो. इंडेक्समध्ये ‘डायबिटीस, विथ’ खाली पायाचा अल्सर आहे आणि ऑस्टिओमायलायटिससुद्धा आहे. ‘विथ’खाली नाव असलं की संबंध गृहीत धरायचा, डॉक्टरने ‘मधुमेहामुळे’ असं लिहिण्याची गरज नाही, फक्त ‘मधुमेहाशी संबंध नाही’ असं लिहिलेलं नसावं. म्हणून अल्सरसाठी ई११.६२१ आणि ऑस्टिओमायलायटिससाठी ई११.६९.

सेप्टिक आर्थरायटिसचं तसं नाही. त्याचं नाव त्या यादीत नाही. यादीत ‘आर्थ्रोपथी, एनईसी’ आहे आणि तिचा कोड ई११.६१८, पण एनईसी म्हणजे ‘इतर कुठलीही’ ही मोकळी पिशवी आहे. तिच्यात विशिष्ट आजार टाकायचा तर डॉक्टरने संबंध लिहिलेला हवा. म्हणजे एकाच पायात, एकाच रुग्णात, शेजारशेजारच्या हाडाचा संसर्ग मधुमेहाशी आपोआप जोडला जातो आणि सांध्याचा जोडला जात नाही. वैद्यकीय दृष्टीने हे विचित्र वाटेल, पण इंडेक्सची रचना तशी आहे.

अल्सरच्या कोडमध्ये एल९७.५१९ म्हणजे उजव्या पावलाच्या इतर भागाचा अल्सर, खोली न सांगितलेला. टाच आणि पावलाचा मधला भाग एल९७.४१- मध्ये जातो, बोटांचा आणि पुढच्या भागाचा एल९७.५१- मध्ये, तेवढं कोडरने बरोबर केलंय. सहाव्या अंकात खोली आहे: १ फक्त त्वचा, २ चरबी उघडी, ३ स्नायूंचा नाश, ४ हाडाचा नाश, ५ स्नायूपर्यंत पण नाश नाही, ६ हाडापर्यंत पण नाश नाही. खोलीसाठी वुंड केअर नर्सची नोंद चालते, निदानासाठी मात्र डॉक्टरचीच. ‘प्रोबने हाड लागतं’ एवढंच लिहिलं असेल तर हाडाचा नाश झालाय असं आपण म्हणायचं नाही. ते एल९७.५१६ च्या जवळ जातं. एमआरआयमध्ये ऑस्टिओमायलायटिस आहे म्हणून अल्सरला ५१४ लावणं हा अंदाज झाला, नेक्रोसिसचा (नाशाचा) शब्द डॉक्टरकडून किंवा जखमेच्या नोंदीतून यायला हवा.

ऑस्टिओमायलायटिस तीव्र, रक्तातून न आलेला, उजव्या पावलाचा असेल तर एम८६.१७१. जुना म्हणून नोंदला असेल तर एम८६.६७१. कालावधीच लिहिला नसेल तर विचारा, एम८६.९ वर थांबू नका. हाड आणि सांधा दोन्ही धरले असतील तर दोन्ही कोड लागतात. एकाने दुसरा गिळला जात नाही.

तर प्रश्नातल्या चार्टचा संच, डॉक्टरने एमआरएसए सांध्याशी जोडलाय, ऑस्टिओमायलायटिस तीव्र म्हटलाय आणि हाड उघडं पण नाश नाही असं जखमेच्या नोंदीत आहे असं धरून: ई११.६९, एम८६.१७१, एम००.०७१, बी९५.६२, ई११.६२१, एल९७.५१६, झेड७९.४, झेड७९.८४. इन्सुलिन आणि तोंडाने घ्यायचं औषध दोन्ही असताना शेवटचे दोन्ही झेड कोड लागतात. दोन जोड्या मोडायच्या नाहीत: ई११.६९ नंतर एम८६, आणि ई११.६२१ नंतर एल९७. प्रिन्सिपल (दाखल होण्याचं मुख्य निदान, जे सगळ्यात आधी लागतं) कोण, यावर मात्र वाद होऊ शकतो. रुग्ण मुख्यतः सुजलेल्या, पू झालेल्या सांध्यासाठी दाखल झाला आणि उपचाराचा रोख तिथेच होता, तर एम००.०७१ आधी नेता येतो. दोन्ही निदानं प्रिन्सिपलच्या व्याख्येत सारखीच बसत असतील तर कुठलंही आधी लावायला तत्त्वं परवानगी देतात. सेप्टिक आर्थरायटिस आधी गेला आणि शस्त्रक्रिया नसेल तर डीआरजी (इनपेशंट बिलाची रक्कम ठरवणारा गट) ५४८ ते ५५०, मधुमेह आधी गेला तर ६३७ ते ६३९. निर्णय दाखल होण्याच्या परिस्थितीवरून घ्या आणि तो का घेतला हे एका ओळीत नोंदवून ठेवा. आकडा आधी बघून मागे कारण शोधणारा कोडर ऑडिटमध्ये चटकन ओळखू येतो.

रुग्णाला सेप्सिसही (संसर्गाची संपूर्ण शरीरभर गंभीर प्रतिक्रिया) होता असं नोंदलेलं असतं आणि तो दाखल होतानाच असता, तर ए४१.०२ सगळ्यांच्या आधी आला असता आणि सांधा मागे गेला असता.

पीओए इंडिकेटरवर (आजार दाखल होतानाच होता का हे सांगणारं अक्षर, ‘वाय’ म्हणजे होता, ‘एन’ म्हणजे नव्हता) एक नेहमीची चूक: कल्चर तिसऱ्या दिवशी आलं म्हणून एम००.०७१ ला ‘एन’. संसर्ग दाखल होतानाच होता, जंतूचं नाव नंतर कळलं. उत्तर ‘वाय’च.

ओपीडीचा चार्ट असेल तर खेळ वेगळा. ‘सेप्टिक आर्थरायटिसची शक्यता’, ‘रूल आउट सेप्टिक जॉइंट’ यावर एम०० लागत नाही. लक्षणं लावायची: उजव्या घोट्याच्या आणि पावलाच्या सांध्याच्या वेदनेला एम२५.५७१, घोट्यात पाणी असेल तर एम२५.४७१, पावलाच्या सांध्यात असेल तर एम२५.४७४, उजव्या बोटाच्या वेदनेला एम७९.६७४. इनपेशंटमध्ये डिस्चार्जच्या वेळी ‘प्रोबेबल’ म्हणून राहिलेलं निदान झालेलंच समजून कोड करता येतं. त्याच रुग्णाचे ईडीचे (तातडीच्या विभागाचे) आणि वॉर्डचे कोड वेगळे दिसले तर ती विसंगती नव्हे.

तीन आजार सेप्टिक सांध्यासारखेच दिसतात. अंगठ्याचा सांधा लाल, गरम, रात्रीतून सुजलेला: गाऊट, एम१०.०७१. मधुमेहीचं पाऊल गरम आणि सुजलेलं, दुखत मात्र फारसं नाही: शारको (संवेदना गेल्याने होणारी सांध्याची झीज), ई११.६१०. वरची त्वचा लाल: सेल्युलायटिस, उजव्या बोटाला एल०३.०३१, पायाला एल०३.११५. सांध्यातल्या पाण्यात पांढऱ्या पेशी ५० हजारांच्या वर गेल्या की संशय सेप्टिककडे झुकतो, पण गाऊटमध्येही आकडा तिथे पोचतो आणि दोन्ही आजार एकत्रही असतात. म्हणून पाण्याचा रिपोर्ट वाचून निदान बदलायचं नाही. डॉक्टरच्या नोटमध्ये पहिल्या दिवशी एक आणि पाचव्या दिवशी दुसरं निदान असेल तर शेवटचं कुठलं टिकलं ते बघायचं, आणि दोन्ही टिकलेली दिसली तर क्वेरी.

सांध्यात किंवा आसपास धातू असला की एम०० वर जायच्या आधी टी८४ (शरीरात बसवलेल्या सांध्या-प्लेटांच्या गुंतागुंतीचे कोड) उघडा. घोट्याचा कृत्रिम सांधा असेल आणि संसर्ग त्यामुळे असेल तर टी८४.५९ ला पुढे एक्स आणि ए. खुब्याला आणि गुडघ्याला तिथे स्वतंत्र कोड आहेत, घोट्याला नाही, तो ‘इतर’ मध्ये. पावलातल्या स्क्रू-प्लेटचा संसर्ग टी८४.६९, टिबियातला उजवा टी८४.६२२. नुसती शस्त्रक्रिया झाली, धातू नाही, आणि नंतर सांध्यात पू झाला, तर टी८१.४- (शस्त्रक्रियेनंतरचा संसर्ग) मधला, सर्जनने खोली जशी लिहिली असेल तसा, आणि त्यासोबत एम००. शेवटचा ‘ए’ म्हणजे पहिली भेट नव्हे, गुंतागुंतीवर सक्रिय उपचार चालू असेपर्यंत ‘ए’. एम०० ला हे सातवं अक्षरच नाही, तिथे ‘ए’ जोडला की क्लेम सरळ परत येतो.

घरी अँटिबायोटिकचा लांब कोर्स चालू असताना रुग्ण आला की कोडर ‘आफ्टरकेअर’ शोधत बसतो. संसर्गावर उपचार चालू आहे, म्हणून एम००.०७१ च, सोबत झेड७९.२ (दीर्घकाळ अँटिबायोटिक चालू). भेट शिरेतल्या लाइनच्या देखभालीसाठीच असेल तर झेड४५.२. अंगठाच काढून टाकला आणि संसर्ग शिल्लक नाही असं लिहिलं असेल तर एम०० जातो आणि झेड४७.८१ (अवयव काढल्यानंतरची देखभाल) व झेड८९.४११ (उजवा अंगठा नाही) येतात.

प्रोसिजरकडे ओझरतं. फिजिशियन बिलिंगमध्ये (डॉक्टरच्या कामाच्या बिलात, सीपीटी कोड) बोटाच्या सांध्यातून सुईने पाणी काढणं २०६००, घोट्यातून २०६०५, अल्ट्रासाउंडच्या मदतीने अनुक्रमे २०६०४ आणि २०६०६. सांधा उघडण्याचे कोड: घोटा २७६१०, टार्सलचे सांधे २८०२०, अंगठ्याच्या किंवा बोटाच्या मुळाचा सांधा २८०२२, पुढचा पेराचा सांधा २८०२४. इथे मॉडिफायर (कोडला जोडायचं दोन अक्षरी चिन्ह) महत्त्वाचा: टी५ म्हणजे उजवा अंगठा, टीए म्हणजे डावा. निदानाचा कोड ‘उजवा घोटा आणि पाऊल’ एवढंच सांगतो, कुठलं बोट ते टी५ सांगतो. इनपेशंटच्या पीसीएसमध्ये (प्रोसिजरच्या कोडांच्या यादीत) घोटा, टार्सल, टार्सोमेटाटार्सल, मेटाटार्सोफॅलेंजियल आणि बोटाचा सांधा अशी प्रत्येकाला स्वतंत्र उजवी-डावी अक्षरं आहेत, म्हणून ऑपरेशन नोट वाचूनच कोड बांधा. ‘वॉशआउट’ या एका शब्दावरून नाही.

पुण्या-नवी मुंबईत दिवसा अमेरिकेचे चार्ट कोड करून एखाद्या ओळखीच्या हॉस्पिटलच्या कॅशलेस फाइलला मदत करणारे अनेक जण असतात, त्यांच्यासाठी एक इशारा. आपल्याकडच्या क्लेम फॉर्मच्या भाग बी मध्ये आयसीडी-१० मागतात, तो जागतिक आरोग्य संघटनेचा. तिथे एम००.०७ वर कोड संपतो, उजवा-डावा नाही. सहा अंकी एम००.०७१ टाकला की टीपीएच्या (विमा कंपनीसाठी क्लेम हाताळणाऱ्या संस्थेच्या) यादीत तो सापडत नाही. त्याहून फसवा भाग पाचव्या अंकाचा. ७ दोन्हीकडे घोटा-पाऊलच आहे, पण ० आणि ९ उलटे आहेत: संघटनेच्या यादीत ० म्हणजे अनेक सांधे आणि ९ म्हणजे जागा नोंदलेली नाही, अमेरिकन यादीत एम००.०० म्हणजे सांधा नोंदलेला नाही आणि एम००.०९ म्हणजे अनेक सांधे. क्षयाच्या सांध्याला इथे ए१८.० आणि एम०१.१ अशी खंजीर-तारांकित जोडी (मूळ आजाराचा कोड आणि तो जिथे दिसतो त्याचा कोड) लागते, अमेरिकन ए१८.०२ सारखा एकच कोड नाही. अमेरिकन यादी दर १ ऑक्टोबरला बदलते आणि कधीकधी १ एप्रिललाही, तेव्हा वरचा प्रत्येक कोड लावताना डिस्चार्जच्या तारखेची यादी उघडी ठेवा, कोड करण्याच्या दिवसाची नाही.